ओली पोथी

खोटं बोलल्याबद्दल मला आयुष्यात एकदाच नारळ मिळाला आहे. शाल वगैरे काही नाही, नुसता नारळ, आणि तोही अर्धा. माझी बदली मोखाड्याकडे, खोडाळ्याजवळच्या शाळेत होऊन आता काही वर्षं झाली, पण सत्काराचा विषय निघाला की मी त्या अर्ध्या नारळाची गोष्ट काढतेच. घरातले एकमेकांकडे बघतात आणि म्हणतात, झालं, उघडली पोथी. त्यांना कंटाळा येतो हे मला दिसतं. तरी सांगते, कारण तेव्हा मानायला हवे होते ते आभार माझ्याकडून राहून गेले.

तेव्हा मी जव्हार तालुक्यात, साखरशेतच्या अलीकडे आत शिरलेल्या एका पाड्यावर शिकवत होते. जीप जिथे सोडायची तिथून एक ओहोळ ओलांडायचा आणि मग दम लागेपर्यंत चढायचं. माझं घर जव्हारात. पण रोज ये-जा करायची म्हणजे जीपवाल्याच्या मर्जीवर नोकरी करायची, म्हणून मी आठवडाभर शाळेला लागून असलेल्या खोलीत राहायची आणि शनिवारी घरी जायची. शाळा दोनशिक्षकी. दुसरे शिक्षक माझ्याहून दहा वर्षांनी मोठे, कामाला चोख, बोलायला तुसडे. त्यांना सगळे गुरुजी म्हणत आणि मला बाई.

आणि मावशी. मावशी शाळेची खिचडी शिजवायची. वर्गाच्या भिंतीपलीकडे तिची चूल होती, आणि त्या भिंतीला जितके कान असतील ते सगळे मावशीचे. पोरगं पाढ्यात चुकलं की मी टोकायच्या आधी पलीकडून हसू ऐकू यायचं. तिला वाचता येत नव्हतं, पण सतराचा पाढा ती माझ्याहून जलद म्हणायची. मी एकदा तसं बोलून दाखवलं, तर म्हणाली, "बाई, बारा वर्सं ऐकते. खिचडीला कान आसते तं ती पन बोलली आसती."

शाळेत मुलं यायची ती दोन पाड्यांची. वरच्या पाड्यावर भाताची खाचरं आणि उतारावर नागलीचे, म्हणजे नाचणीचे, तुकडे असलेली घरं. मावशी त्यांच्यातलीच. खालच्या पाड्यावर पाच-सहा झोपड्या, त्यांना वीतभर जमीन नाही. ती माणसं दिवाळी झाली की भिवंडी-वसईकडे वीटभट्टीवर जायची आणि पावसाच्या तोंडावर परतायची. वरचे खालच्यांशी वाईट वागत असं मी म्हणणार नाही. लग्नाला बोलावत, मयताला जात. फक्त सगळ्या गोष्टीत त्यांना शेवटी धरत. इतक्या सवयीनं धरत, की धरणाऱ्यालाही ते कळत नसे आणि पहिली दोन वर्षं मलाही कळलं नाही.

पोथी सुरू झाली ती श्रावणात. आठ दिवस सूर्य दिसला नव्हता. पत्र्यातून तीन ठिकाणी गळत होतं आणि चारही इयत्ता वर्गाच्या एका कोरड्या कोपऱ्यात कोंबून बसवल्या होत्या. गुरुजी मीटिंगला जव्हारला गेले होते. पावसाच्या आवाजात शिकवलेलं काही ऐकू जात नव्हतं, आणि माझा स्वभाव असा की ओरडून ओरडून घसा बसला की मला रडू येतं किंवा राग येतो. त्या दिवशी दोन्ही टाळायचं म्हणून मी पोरांना जवळ ओढलं आणि म्हटलं, "एक देश होता. तिथले डोंगर चालायचे."

"चालून कुठं जायचे?" एकानं विचारलं.

मला सुचेना. तेवढ्यात दुसरा म्हणाला, "चरायला." झालं. तिथून तो देश माझ्या हातात राहिला नाही.

त्या देशातले डोंगर पावसाळ्यात गुरांसारखे चरायला जात आणि दिवाळीला घरी येत. माणसं सकाळी उठली की दारात वेगळाच डोंगर बसलेला दिसे. त्यामुळे तिथे कुणाला ही जमीन माझी असं म्हणता येत नसे. कुठला डोंगर कुठे परतेल, कुणाशी कसं वागायचं, हे सगळं एका पोथीत लिहून ठेवलेलं होतं. हजारो वर्षांपूर्वी एका आंधळ्या बाईनं पावसाच्या पाण्यात बोट बुडवून ती लिहिली होती. पाण्यानंच लिहिलेली, म्हणून कोरडी असताना पानं कोरी. भिजली की अक्षरं वर यायची. आठ महिने पाऊस पडणाऱ्या देशाला ह्याची अडचण नव्हती.

मग ती बाई वारली आणि बारा पाड्यांनी पोथीची बारा पानं वाटून घेतली. प्रत्येक पाडा म्हणू लागला, पहिलं पान आमचंच. त्यावरून पिढ्यान् पिढ्या लढाया झाल्या. लढाया उन्हाळ्यातच व्हायच्या, कारण पावसाळ्यात लावणी असते, हे पोरांनी ठरवलं. आणि उन्हाळ्यात पानं कोरडी. म्हणजे दोन्ही सैन्यं एकमेकांना कोरी पानं दाखवून भांडायची. ह्यावर कोपऱ्यात इतका हशा झाला, की मावशी ओल्या पदरानं हात पुसत दारात येऊन उभी राहिली.

पुढचे कित्येक दिवस शेवटचा तास पोथीचा झाला. त्या देशात दुष्काळ पडला, तेव्हाची गोष्ट तर मी कधीच विसरणार नाही. पोथीत दुष्काळावरचा उपाय आहे हे सगळ्यांना ठाऊक होतं, पण पान वाचायचं तर ते भिजवायला हवं. तिसरीतली एक मुलगी गंभीरपणे म्हणाली, "बाई, तानेला मानूस पानी पिल का पानावर ओतल?" इतका सरळ पेच मला बसून विचार करूनही सुचला नसता. उत्तर आम्ही कुणीच दिलं नाही. तो देश दुष्काळातच थांबला.

गणपतीनंतर मी ठरवलं, पोथी करूनच टाकू. तुरटीच्या पाण्यानं कागदावर लिहिलं की वाळल्यावर काही दिसत नाही, आणि कागद पाण्यात धरला की अक्षरं उठून येतात. विज्ञानाचा प्रयोगही होईल आणि गोष्टींत वेळ घालवता म्हणणाऱ्या गुरुजींचं तोंडही बंद राहील, असा दुहेरी हिशेब. मी पोरांना सांगितलं, घरी असेल तर तुरटी आणा. दुसऱ्या दिवशी खिसे भरून तुरटी आली. कुठून आणली, मी विचारलं नाही. चित्रकलेचे जाड कागद घेतले, कारवीच्या काडीला कापूस गुंडाळून लेखण्या केल्या. कागद जुने दिसायला हवे होते, म्हणून ते मावशीच्या चुलीवर धुरात टांगले. तिनं कुरकुर केली आणि मग स्वतःच दिवसातून दोनदा ते उलटेपालटे केले.

अकरा पानं मुलांनी लिहिली. 'डोंगर उठायच्या आधी त्याच्या पाठीवरची घरं मोजा.' 'खेकड्याची मोठी नांगी ज्यानं बीळ दाखवलं त्याची.' 'वाघाला मामा म्हणा, पण लांबून म्हणा.' असे एकेक नियम. पहिलं पान मात्र बाईंनी लिहायचं, असं सर्वांनी ठरवलं.

ते मी रागात लिहिलं. त्या दिवशी खिचडीवरून माझं आणि मावशीचं वाजलं होतं. खालच्या पाड्याची मुलं ओहोळ ओलांडून येत, म्हणून उशिरा पोचत, आणि उशिरा बसत म्हणून त्यांच्या ताटात तळाची करपलेली खिचडी पडे. मी मावशीला म्हटलं, रोज त्यांनाच का? ती म्हणाली, जो आधी बसला त्याला आधी. तिचं चूक नव्हतं, आणि म्हणूनच मला जास्त राग आला. मी आत गेले, काडी तुरटीत बुडवली आणि पहिल्या पानावर मोठ्या अक्षरात लिहिलं: 'जो लांबून आला, त्याचं भांडं आधी.'

दुसऱ्या दिवशी परातीत पाणी घेऊन आम्ही बाराही पानं वाचली. पहिलं पान भिजल्यावर सगळी पोरं चुलीच्या बाजूला वळून बघायला लागली. मावशीनं काय ते ओळखलं. "म्हंजे आथा पोथी मना वाढाय शिकवनार," असं पुटपुटली. पण त्या दिवसापासून ओहोळापलीकडची मुलं आली की आधी त्यांची ताटं भरू लागली.

दिवाळीच्या सुट्टीत शाळेत उंदीर फार. आदल्या वर्षी त्यांनी हजेरीपट अर्धा खाल्ला होता. मावशीनं पोथी लाल फडक्यात बांधली आणि घरी नेऊन बियाण्याच्या नागलीच्या कणगीत खुपसून ठेवली. त्यांच्याकडे जपायची वस्तू ठेवायची ती जागा. बियाणं पेरणीपर्यंत कुणी उघडत नाही. खालच्या पाड्याची मुलं भट्टीवर गेली, कोपरा मोकळा झाला, मी परीक्षेच्या मागे लागले. पोथी मी विसरलेच.

फाल्गुनात खालच्या पाड्यातली एक जण भट्टीवरून एकटीच परत आली. महिन्याभराचं मूल पदरात, नवरा तिकडेच कामावर. तिची पोरगी पुन्हा शाळेत येऊ लागली म्हणून मला कळलं. वयानं लहानच होती ती, पंचविशीचीही नसेल. पाड्यावर तिला सगळे बाळंतीणच म्हणत, मीही तेच म्हणते.

तोवर झरा आटत आला होता. एवढा पाऊस पडणाऱ्या मुलखात उन्हाळ्यात पाण्याचे असे हाल होतात, हे बाहेरच्यांना खरं वाटत नाही. दगडाखालच्या खळग्यात पाणी साचायचं, ते करवंटीनं हंड्यात भरायचं, खळगा रिकामा झाला की पुन्हा साचेपर्यंत बसून राहायचं. हंडे रांगेत मांडलेले असत. रांगेत पहिला हंडा मावशीचा, कारण तिचं घर झऱ्याला सगळ्यांत जवळ. मग वरच्या पाड्याचे घराच्या ओळीनं. खालच्यांचे शेवटी. एरवी उन्हाळ्यात खालचं कुणी नसेच, त्यामुळे तो शेवट कुणाला दिसत नव्हता. आता तो दिसू लागला. दुपार टळली तरी बाळंतीण झऱ्याच्या वरच्या उंबराखाली झोळी बांधून बसलेली असायची.

चौथ्या दिवशी माझं डोकं फिरलं. मी झऱ्यावर गेले आणि बायकांना फैलावर घेतलं. ओली बाळंतीण आहे, लाज वाटत नाही का, वगैरे. शाळेत बोलते तशी बोलले. सगळ्यांनी ऐकून घेतलं. मग एक जण शांतपणे म्हणाली, "बाई, पान्याचा तुमाला काय? तुमचा हंडा तं सकालीच भरतो."

खरंच होतं. माझ्या खोलीतला हंडा रोज सकाळी भरलेला असायचा. मावशी तिचा झाला की माझा भरायची, सगळ्या रांगेच्या आधी. दोन वर्षं मी ते पाणी पीत होते आणि ते कुठून, कुणाच्या आधी येतं, हा प्रश्न मला पडला नव्हता. कान असे तापले की आजही आठवलं तरी तापतात. मी पाठ फिरवून शाळेत परत आले.

दुसऱ्या दिवसापासून माझा हंडा मी स्वतः नेऊ लागले आणि बाळंतिणीच्या मागे, अगदी शेवटी ठेवू लागले. फार मोठं काम केल्याचा आव होता माझा. झालं काय, तर माझा मागे गेल्यानं तिचा पुढे आला नाही. एवढंच झालं की शाळा सुटल्यावर उन्हात दोघी बसायला लागलो. ती माझ्याशी बोलत नसे. मीच बाळाला खेळवल्यासारखं करायची आणि ती झोळीची दोरी ओढत दुसरीकडे बघायची. एकदा तिच्या हंड्याला पुरेल एवढंच पाणी उरलं आणि माझा रिकामा गेला. मावशी येता-जाता बघायची. काही म्हणायची नाही, आणि मावशीनं काही न म्हणणं हे मला बरं लक्षण वाटत नव्हतं. मग शनिवार आला आणि मी जव्हारला निघून गेले.

सोमवारी जीपमधून उतरून चढ चढले तर गुरुजी दारातच उभे. "बाई, तुमची पोथी झऱ्यावर पोचली," ते म्हणाले. "आणि तिथे तिला कुंकू लागलं."

मग पोरांनी एकमेकांची वाक्यं तोडत सगळं सांगितलं. रविवारी सकाळी मावशीनं नेहमीसारखा पहिला हंडा भरला. पण डोक्यावर घेतला नाही. लाल फडकं सोडलं, परातीत पहिलं पान ठेवलं आणि त्यावर आपल्या हंड्यातलं पाणी ओतलं. ओंजळभर नाही, परात भरून वाहीपर्यंत. बायका ओरडल्या, अगं काय करतेस. अक्षरं वर आली. मावशीनं चौथीतल्या एका मुलीला पुढे बोलावून मोठ्यानं वाचायला लावलं. मुलीनं वाचलं. 'जो लांबून आला, त्याचं भांडं आधी.' मग मावशीनं आपला रिकामा हंडा उचलला आणि रांगेच्या शेवटी नेऊन ठेवला. तिचं घर सगळ्यांत जवळ, म्हणजे नियमानं ती शेवटची. मग एकेक हंडा उलटा सरकत गेला आणि बाळंतिणीचा पुढे आला.

हे ऐकून मला आनंद व्हायला हवा होता. झाला नाही. मी झऱ्यावर जाऊन बघितलं, तर दगडाच्या कपारीत लाल फडक्यात पोथी, तिला कुंकू, वर रानातली फुलं, पुढे एक नारळ. बाजूला बसलेला एक म्हातारा मला म्हणाला, "जुनी पोथी हाय, बाई. माज्या आज्याच्या टायमाला पन व्हती." मी तशीच शाळेकडे परत फिरले.

गुरुजींनी मला सोडलं नाही. "विज्ञानाच्या प्रयोगातून देव तयार केलात," ते म्हणाले. "उद्या हिला नवस बोलतील. परवा कुणी दुसरं पान लिहील, खालच्यांनी पाणीच भरू नये म्हणून. तेव्हा काय करणार? तुम्ही सांगताय का मी सांगू?" त्यांचं म्हणणं पटत होतं, हीच पंचाईत होती. सांगावं तर नियम मोडणार आणि ती पुन्हा दुपारपर्यंत उंबराखाली बसणार. न सांगावं तर मी शिक्षिका कसली. त्या दिवशी बाळंतीण सकाळी आठाला भरला हंडा घेऊन खाली उतरताना मला दिसली होती. तेच चित्र डोळ्यांपुढून हलत नव्हतं. तिचं हे पाणी आपल्या हातानं बंद करायचं, ह्या विचारानं मला जेवण गेलं नाही. तरी मी ठरवलं, सांगायचं. आणि नियम मोडला तर जव्हारहून जीपनं कॅन आणून माझ्या खोलीवर तिला पाणी द्यायचं, कसं ते बघू.

मंगळवारी सकाळी मी परात, कोरा कागद, तुरटीचं पाणी आणि माझा हंडा घेऊन झऱ्यावर गेले. हंडा सवयीनं रांगेच्या टोकाला, मावशीच्याही मागे ठेवला. सगळ्या जणी होत्या. गुरुजी थोडे दूर उभे. मी म्हटलं, "मला तुम्हाला काही सांगायचंय. ही पोथी जुनी नाही. मी आणि मुलांनी केली." आणि कागदावर काडीनं लिहिलं, उन्हात धरून वाळवलं, कोरा दाखवला, भिजवला, अक्षरं दाखवली. मग खाली मान घालून वाट बघत राहिले, आता काय होतंय म्हणून.

मग मागून कुणीतरी फिसकन हसलं, आणि पाठोपाठ सगळा झरा हसायला लागला.

"बाई," एक जण डोळे पुसत म्हणाली, "ती तुरटी आमच्या घरची. पान्यात फिरवाय ठेवलेली. पोरांनी एक खडा ठेवला नाय. उरला पावसाला गढूल पानी पिलो."

"आमच्या घरधन्याला दाढीला लावाय नव्हती," दुसरी म्हणाली.

"माझीही गेली होती," दुरून गुरुजी म्हणाले, आणि ते हसले. त्यांना हसताना मी पहिल्यांदा पाहिलं.

माझ्या डोक्यात हळूहळू उजेड पडला. अकरा पानं ज्या मुलांनी लिहिली, ती ह्याच घरांत जेवायला आणि झोपायला जात होती. चालणारे डोंगर, कोरड्या लढाया, सगळं रोज संध्याकाळी त्या घरांतून सांगितलं जात होतं. तो म्हाताराही माझी फिरकी घेत होता. ह्या भोळ्या माणसांना आपण फसवलं, असं दोन शिकलेली माणसं दोन दिवस धरून बसली होती. आमच्याइतकं अडाणी त्या झऱ्यावर तिसरं कुणी नव्हतं.

"मग हे कुंकू?" मी विचारलं.

"कुंकू तं आमी नांगराला पन लावतो," मावशी म्हणाली. "नांगर काय आभालातून पडला? सुतारानंच केला ना?"



मग मावशी जवळ आली आणि मुलाला समजवावं तसं मला सांगू लागली. "बाई, तिचा हंडा पुढं घ्यावा, हा सगल्यांच्याच मनात व्हता. तुमी वराडलात त्याच्या आधीपासून व्हता. पन आपला हंडा मागं कोन नेनार? मी नुसता नेला आसता तं बाकीच्या म्हनल्या आसत्या, मोठी देव लागून गेली. पोथीनं सांगितला म्हंजे कुनी मोठा नाय, कुनी ल्हान नाय. सगल्यांनी एकदमच मानला." मग जरा थांबून म्हणाली, "आनि खोटी कशी ती? तिला वाचाय मी पहिला हंडा ओतला. तो तं खरा व्हता ना?"

तिसरीतल्या मुलीच्या प्रश्नाला आम्ही शाळेत कुणी उत्तर दिलं नव्हतं. भिंतीपलीकडे खिचडी ढवळत मावशीनं तो ऐकला होता, सात-आठ महिने मनात ठेवला होता, आणि ऐन टंचाईत पानावर पाणी ओतलं होतं. मी तिचे हात धरले, तर तिनं ते सोडवून घेतले आणि पोथीपुढचा नारळ दगडावर आपटला. एक भाग तुकडे करून वाटला आणि दुसरा अख्खा माझ्या हातात दिला. "घ्या. लिवनारनीचा वाटा."

हाच तो सत्कार.

तेवढ्यात रांग पुन्हा सुरू झाली. बाळंतीण उंबराखालून उठली. इतका वेळ ती हसलीही नव्हती. ती झऱ्याशी आली, करवंटी उचलली, पण आपला हंडा ओढला नाही. रांगेच्या टोकापर्यंत चालत गेली, माझा हंडा उचलून आणला आणि खळग्याशी ठेवला.

"अगं, तुझा आधी," मी म्हटलं.

"तुमचा घर कुठं हाय, बाई?" तिनं विचारलं. ती माझ्याशी पहिल्यांदाच बोलत होती.

"घर जव्हारला. पण मी राहते इथेच, शाळेच्या..."

"जव्हार लांब हाय," ती म्हणाली. "मी तं खालूनच येते."

मी मावशीकडे पाहिलं. मावशी झाडाकडे बघत होती. मला म्हणायचं होतं की हा नियम तुझ्यासाठी आहे, माझ्यासाठी नाही. पण कपारीतलं पान माझ्या अक्षरात होतं, आणि त्यात तसं लिहिलेलं नव्हतं.

तिनं एकेक करवंटी भरून माझा हंडा काठोकाठ भरला. मधे झोळीतलं बाळ रडायला लागलं, तरी उठली नाही. खळगा रिकामा झाला. मग तिनं आपला हंडा पुढे ओढला आणि पाणी साचायची वाट बघत बसली. मी हातात अर्धा नारळ घेऊन तिच्यासमोर उभी होते, आणि तिला काहीही म्हणाले नाही.